मौन : खरें

प्राध्यापकाच्या घरांतील माळा हें त्याचें दुसरें ग्रंथालयच असतें. खालच्या कपाटांतील पुस्तकें वाचावयाचीं म्हणून राहून गेलेलीं असतात, आणि माळ्यावरील वस्तु टाकून द्यावयाच्या म्हणून राहून गेलेल्या असतात. गेल्या उन्हाळ्याच्या सुटींत घरास रंग देण्याचा योग आला, तेव्हां सौभाग्यवतींच्या आज्ञेवरून आम्हीं शिडी लावून त्या दुसऱ्या ग्रंथालयांत प्रवेश केला. जुन्या मासिकांचे गठ्ठे, तळ गेलेलें एक पितळी पातेलें, तारा तुटलेला तानपुरा अशा सामग्रीच्या पाठीमागें, चादरींत गुंडाळलेली, जाड पुस्तकाएवढी एक पांढरी पेटी हातीं लागली. ती पाहतांच मनाला जरा अवघडल्यासारखें झालें. कारण ती तेथें दुसऱ्या कोणीं नव्हे, आम्हींच ठेविली होती.

ही पेटी म्हणजे टेलिव्हिजनला जोडून खेळावयाचें व्हिडिओ गेमचें यंत्र. निन्टेन्डो या जपानी कंपनीनें तें २००६ च्या नोव्हेंबरांत प्रथम बाजारांत आणिलें, आणि पुढें जगभर त्याचे दहा कोटींहून अधिक नग खपले. त्याचें नांव 'वी'. इंग्रजींत 'आम्ही' या अर्थाच्या सर्वनामाचा जो उच्चार तोच याचा. आणि नांवांतील शेवटचीं दोन अक्षरें म्हणजे शेजारीं शेजारीं उभीं असलेलीं दोन माणसें, असा खुलासा खुद्द कंपनीनेंच केला होता. आमचा सारा जन्म इंग्रजी शिकविण्यांत गेला असल्यामुळें या नांवानें आमची थोडी करमणूक झाली. इंग्रजीला येथें एकाच सर्वनामावर भागवावें लागतें. मराठीला मात्र दोन आहेत. 'आम्ही' म्हटलें कीं ऐकणारा बाहेर राहतो, 'आपण' म्हटलें कीं तो आंत येतो. यंत्राच्या नांवांतील 'वी' हा 'आपण' या अर्थाचा, हें उघड आहे. निबंध लिहितांना आम्ही वापरतों तो 'आम्ही' निराळा. आणि घरांत बाप या नात्यानें जो वर्षानुवर्षें वापरला तो तर त्याहूनही निराळा.

हें यंत्र २०१० च्या आरंभीं आमच्या कन्येच्या मामानें दुबईहून आणिलें. त्या वेळीं ती सातवींत होती. पहिलीं दोन वर्षें सारें घरच त्याच्यापुढें हात हलवीत उभें राहत असे. आम्ही स्वतः त्यावर टेनिसचे पुष्कळ डाव हरलों. पुढें दहावीचें वर्ष आलें, आणि त्या वर्षीं महाराष्ट्रांतील मध्यमवर्गीय घरांत जें होतें तें आमच्याही घरांत झालें : यंत्रावर कापड पडलें. २०१३ च्या जानेवारींतील एका रात्रीं महाविद्यालयाच्या परीक्षेचे पेपर तपासून आम्ही झोपलों होतों. एक वाजतां पाणी पिण्यासाठीं उठलों, तों बाहेरच्या खोलींत भिंतीवर निळसर उजेड हालत होता. कन्या टेलिव्हिजनपुढें मांडी घालून बसली होती. पडद्यावरचीं माणसें हातवारे करीत होतीं. आवाज म्हणाल तर जवळजवळ नव्हताच.

"आवाज बंद करून खेळतेस, म्हणजे उघड उघड फसवतेस!" एवढेंच एक वाक्य आम्ही बोललों. तिनें कांहींच उत्तर दिलें नाहीं. दुसऱ्या दिवशीं सकाळीं पेटी माळ्यावर गेली. दहावीचा निकाल उत्तम लागला, आणि आमचा निर्णय योग्य ठरला असें चार लोकांत सांगण्याची सोय झाली. तिच्या खोलीचें दार मात्र त्या दिवसापासून लोटलेलें राहूं लागलें. तें उघडावयास पुढें फार वर्षें लागलीं. आणि तें पुरतें उघडलें असें आजही आम्ही म्हणणार नाहीं.

आतां ती बंगळूरला नोकरीस असते. पेटी सांपडल्याचें फोनवर सांगतांच ती म्हणाली, "टाकूं नका हं, बाबा! माझा खेळ त्यांत अर्धा राहिलाय. दिवाळीला आलें कीं पुरा करीन." खेळ अर्धा कोणामुळें राहिला हें तिनें सांगितलें नाहीं, आणि सांगण्याची जरुरीही नव्हती. दिवाळीपूर्वीं यंत्र सज्ज करून ठेवावयाचें, असा आम्हीं त्याच रात्रीं निश्चय केला.

वाचकांस वाटेल, यंत्र सज्ज करावयाचें म्हणजे धूळ झटकून तार जोडावयाची. पण हा खेळ कंपनीच्या तबकडीवरचा नव्हता. 'होमब्रू' नांवाचे जे प्रोग्राम असतात, त्यांपैकीं एकाच्या साह्यानें तो चाले. होमब्रू या शब्दाचा मूळ अर्थ घरीं आंबविलेली बिअर. कंपनीच्या परवान्यावांचून, हौशी मंडळींनीं आपल्या बुद्धीनें रचलेले आणि बहुधा फुकट वांटलेले असे हे प्रोग्राम. कंपनीची मोहोर नसलेल्या प्रोग्रामाला हें यंत्र मुळांत दार उघडीत नाहीं. तें दार पहिल्यानें कसें उघडलें, ही कथा आमच्यासारख्या भाषेच्या माणसास फार रुचणारी आहे. 'द लेजंड ऑफ झेल्डा : ट्वायलाइट प्रिन्सेस' या खेळांत इपोना नांवाची घोडी आहे, तिचें नांव खेळणाऱ्यानें हवें तें ठेवावें अशी सोय आहे. २००८ सालीं कांहीं हौशी तज्ज्ञांनीं त्या खेळाची जतन केलेली एक नोंद अशी तयार केली, कीं तींत घोडीचें नांव नेमून दिलेल्या जागेंत मावूं नये इतकें लांब होतें. खेळानें लांबी मोजली नाहीं. नांव ओसंडून स्मृतींतील शेजारच्या जागेवर सांडलें, आणि त्यायोगें परक्या प्रोग्रामास आंत येण्याची वाट मिळाली. कंपनीनें ती वाट बुजविली, तेव्हां २०११ सालीं दुसरी निघाली. यंत्राच्या पत्रपेटींत एक पत्र येऊन पडे, त्यावर बाँबचें चित्र असे, आणि तें उघडतांच दार उघडे. आमच्या कन्येनें दार उघडलें तें या पत्रानें. ट्रॉयच्या लांकडी घोड्यावर आम्हीं वर्गांत तासच्या तास घेतले आहेत. परंतु घोड्याच्या नुसत्या नांवानेंही कोट पडतो, आणि तसाच कोट आमच्या बाहेरच्या खोलींत एका पोरीनें पत्रानें पाडला होता, हें आम्हांस साठीच्या उंबरठ्यावर कळलें.

आणखी एक गोष्ट कळली. ज्या २०१३ सालीं आम्हीं पेटी माळ्यावर टाकिली, त्याच सालीं कंपनीनें जपानांत या यंत्राचें उत्पादन थांबविलें. आणि २०१९ च्या जानेवारींत यंत्रांतून खेळ विकत घेण्याचें दुकानही बंद झालें. कर्त्यानें सोडलेलें हें यंत्र पुढें वापरतें राहिलें तें बरेंचसें या हौशी मंडळींमुळें. कन्येचा खेळही तसाच : 'बिनीथ अ स्टील स्काय' या नांवाचा, रेव्होल्यूशन या इंग्लंडांतील मंडळीनें १९९४ सालीं काढलेला. २००३ सालीं तो मालकांनींच सर्वांस मोफत दिला; तेव्हां कोणाचें कांहीं लुबाडलें, असा सल आमच्या मनाला राहिला नाहीं.

या यंत्रास हौशी प्रोग्राम द्यावयाचे ते एस. डी. कार्डावर. कार्डांत 'ॲप्स' नांवाचें फोल्डर, त्यांत प्रत्येक प्रोग्रामाचें स्वतंत्र फोल्डर, आणि त्यांत तीन वस्तु : 'बूट.डॉल' हा प्रत्यक्ष प्रोग्राम, 'आयकॉन.पीएनजी' हें १२८ रुंद व ४८ उंच ठिपक्यांचें चित्र, आणि 'मेटा.एक्सएमएल' ही मजकुराची फाइल. हिला पुस्तकाचें शीर्षकपान म्हणावें. नांव, कर्ता, आवृत्ति, प्रसिद्धीची तारीख, एक त्रोटक परिचय आणि एक विस्तृत परिचय, हें सर्व तींत कोनी कंसांच्या जोड्यांमध्यें लिहावयाचें. तारीख तेवढी वर्षापासून सेकंदापर्यंत चौदा अंक सलग जोडून. तें पान वाचून यंत्र आपल्या यादींत नांव व परिचय दाखवितें. पान नसलें तरी प्रोग्राम चालतो. यादींत मग केवळ फोल्डराचें नांव दिसतें. शीर्षकपान फाटलेलें पुस्तक आपण वाचतोंच कीं!

बाजारांतून नवें कार्ड आणून आम्हीं ही सर्व मांडामांड केली. प्रोग्रामाबरोबर तयार शीर्षकपान आलेलें होतें. पण तीस वर्षें पुस्तकांचीं परीक्षणें लिहिलेल्या माणसास तें फार रूक्ष वाटलें. कन्येनें यंत्र सुरू करतांच तिला हंसूं यावें, म्हणून परिचयाचा इंग्रजी मजकूर आम्हीं स्वतः लिहिला. कार्ड यंत्रांत घातलें. यादींत नुसतें फोल्डराचें नांव! पुन्हां तपासलें, पुन्हां तेंच. पहिल्या दिवशीं कळलें, कीं फाइलीच्या नांवामागें संगणकानें 'टीएक्सटी' असें एक शेपूट जोडून तें आमच्यापासून लपवून ठेविलें होतें. तें कापलें, तरी व्यर्थ. दुसऱ्या दिवशीं कळलें, कीं लिहिण्यासाठीं वापरलेल्या प्रोग्रामानें आमच्या सरळ अवतरणचिन्हांचीं छापखान्यास शोभणारीं बांकदार चिन्हें करून टाकलीं होतीं, आणि यंत्राला तीं ओळखतां येत नाहींत. तीं सरळ केलीं, तरी व्यर्थ. तिसऱ्या दिवशीं कळलें, कीं 'बाबा आणि कंपनी' असें लिहितांना 'आणि' बद्दल इंग्रजी दुकानांच्या पाट्यांवर असतें तें वेलांटीदार चिन्ह आम्हीं ऐटीनें वापरलें होतें. या लिपीच्या व्याकरणांत त्या चिन्हाला विशेष अर्थ आहे. तें उघडें लिहितां येत नाहीं, त्याचें पांच चिन्हांचें सांकेतिक रूप लिहावें लागतें.

या तीन दिवसांत यंत्र एकदांही रागावलें नाहीं, कीं त्यानें लाल शाईनें खूणही केली नाहीं. तें फक्त गप्प बसलें. असा वाचक आम्हांस जन्मांत भेटला नव्हता. विद्यार्थ्यांना आम्हीं सदैव सांगितलें, कीं शब्दांच्या पलीकडे पाहा, लेखकाच्या मनांतील हेतु शोधा. आमचा हेतु काय होता हें या वाचकाच्या गांवींही नव्हतें. कागदावर काय आहे तेवढें त्याला ठाऊक. प्रथम हा त्याचा मठ्ठपणा वाटला. पुढें पुढें वाटूं लागलें, कीं यांत एक प्रकारचा प्रामाणिकपणाही आहे. लिहिलेलें नाहीं तें तो आपल्या पदरचें घालून वाचीत नाहीं.

शीर्षकपान साधलें, तों खुद्द खेळाची फाइल पुढें उभी राहिली. खेळ चालविणाऱ्या प्रोग्रामाचें नांव 'स्कम्‌व्हीएम'. जुने चित्रमय साहसखेळ नव्या यंत्रांवर चालावेत म्हणून २००१ सालीं हा उद्योग सुरू झाला. त्याची सारी व्यवस्था एका 'आयएनआय' फाइलींत लिहिलेली असते. चौकोनी कंसांत प्रकरणाचें नांव. त्याखालीं एकेका ओळींत डावीकडे विषय, मध्यें बरोबरचें चिन्ह, उजवीकडे मूल्य. पडद्यावरील यादींतून खेळ जोडण्याची सोपी सोय आहे. पण जित्याची खोड ती कशी जाणार? आम्हीं तेंही हातानेंच लिहावयास घेतलें. खेळाचा ठावठिकाणा लिहितांना तिरप्या रेघा ज्या दिशेस कलाव्यात तिच्या उलट दिशेस कलल्या, आणि खेळाची सामग्री सांपडत नाहीं असा शेरा मिळाला. तेव्हां मात्र आम्हीं हार मानली. कन्येनें हें कसें लिहिलें होतें तें पाहावें, असें ठरविलें. शिवाय तिचा अर्धा राहिलेला खेळही तिच्याच कार्डावर असणार. पण यंत्राची खांच रिकामी होती.

कार्ड सौभाग्यवतींना सांपडलें. कन्येच्या शाळेंतील जुन्या कंपासपेटींत, कर्कटक आणि गुण्या यांच्या खालीं, कागदाच्या घडींत तें होतें. त्या सकाळीं आम्हीं पेटी उचलण्यापूर्वींच तिनें तें काढून घेतलें असलें पाहिजे. दप्तरांत राहणाऱ्या त्या कंपासपेटीसकट तें दहावीच्या परीक्षेसही जाऊन आलें असेल.

कार्ड संगणकांत घालून आम्हीं तिची फाइल उघडली. आमच्या फाइलीच्या निम्म्यानेंही ती नव्हती, आणि तींत एकही चूक नव्हती. खेळाच्या प्रकरणाखालीं तीन ओळींवर आमची दृष्टि थांबली. पहिलींत संगीताचा आवाज होता. तो शून्यापासून २५६ पर्यंत ठेवतां येतो. तिनें १६ वर आणून ठेविला होता. दुसरी ओळ 'सबटायटल्स बरोबर ट्रू', म्हणजे बोललेलें वाक्य पडद्यावर अक्षरांत दिसावें. तिसरी ओळ 'स्पीच म्यूट बरोबर ट्रू'. मराठींत सांगावयाचें तर, वाणीचें मौन : खरें.

ज्या मौनाला आम्हीं खोटें म्हटलें होतें, तें येथें 'खरें' म्हणून नोंदलेलें होतें. अर्थात् यंत्राच्या भाषेंत या शब्दाचा अर्थ 'चालू' एवढाच. शब्दावर कोटी करण्याची ही जागा नव्हे, हें आम्हांस कळतें. पण दुसरी एक गोष्ट आठवली. त्या वर्षीं आमची पेपर तपासण्याची जागा त्या भिंतीच्या पलीकडेच होती. आणि पेपर तपासतांना कोणीं कुजबुजलें तरी आम्ही खेंकसत असूं, हें सौभाग्यवती आजही सांगतात. मग तें मौन कशासाठीं होतें? आम्हांस कळूं नये म्हणून, कीं आम्हांस त्रास होऊं नये म्हणून? चोरून खेळणारा टेलिव्हिजनचा आवाज बंद करील, तें एका कळीचें काम. हिनें तर खेळालाच हळू वागावयास शिकविलें होतें. असा पुरावा रचीत आम्ही बराच वेळ बसलों, आणि मग आमचें आम्हांसच हंसूं आलें. त्या रात्रीं एक अर्थ लादला होता, आज दुसरा लादीत होतों.

या फाइलींत टीप लिहिण्याची सोय असते. ओळीच्या आरंभीं उभ्या-आडव्या चार रेघांचें जाळीदार चिन्ह घातलें, कीं यंत्र ती ओळ वाचीत नाहीं. ती पुढें फाइल उघडणाऱ्या माणसासाठीं असते. कन्येनें एकही टीप लिहिलेली नव्हती. काय केलें तें फाइलींत होतें, कां केलें तें नव्हतें. तें 'कां' त्या रात्रीं आम्हीं मूळ मजकूर न पाहतां आमच्या पदरचें घातलें होतें. एखाद्या विद्यार्थ्यानें तसें केलें असतें तर समासांत 'आधार?' असें लिहून आम्हीं त्याचे गुण कापले असते.

विचारावें कीं न विचारावें यांत आठ दिवस गेले. शेवटीं एका रविवारीं फोनवर इकडचें तिकडचें बोलून झाल्यावर, सहज आठवलें असें दाखवून, आम्हीं विचारलें, "त्या खेळाचा आवाज तूं बंद कां ठेवला होतास ग?"

ती क्षणभर थांबली; मग हंसली. "दोन्ही, बाबा. तुम्हांला कळूं नये म्हणून, आणि तुमची झोपमोड होऊं नये म्हणून. पहिलं जरा जास्त."

आम्हीं तिला कारण एकच विचारलें होतें. उत्तरांत दोन आलीं. म्हणजे प्रश्नापाठीमागचा प्रश्न तिनें बरोबर वाचला होता. ही विद्या ती कोठें शिकली कोण जाणे. आमच्या वर्गांत तर ती कधींच बसली नाहीं.

"मग तेव्हां कां सांगितलं नाहींस?" आम्हीं विचारलें.

"तुम्हीं विचारलं नव्हतं, बाबा," ती म्हणाली. "तुम्हीं सांगितलं होतं."

तिच्या आवाजांत राग नव्हता. बारा वर्षांपूर्वींच्या एका गोष्टीची अचूक नोंद होती, इतकेंच. त्यावर आम्हीं काय म्हटलें तें येथें लिहिण्याजोगें नाहीं. तें फारसें नीट म्हटलें गेलेंही नाहीं. नंतर ती बराच वेळ बोलत राहिली. खेळांतला नायक कोठें अडकला आहे, त्याच्या सोबतीला जोई नांवाचा कसा तिरकस यंत्रमानव आहे, पुढचें कोडें तिला तेव्हां कसें सुटत नव्हतें आणि आतां कसें सुटेल असें वाटतें, हें सर्व तिनें आम्हांस प्रथमच सांगितलें. त्या सालीं ती काय खेळत होती, हें आम्हांस ठाऊकच नव्हतें.

यंत्र आतां सज्ज आहे. तिच्या कार्डावरील सर्व मजकूर, अर्ध्या राहिलेल्या खेळासह, नव्या कार्डावर उतरवून घेतला आहे. शीर्षकपानावरील आमचा अलंकारिक परिचय काढून टाकला. तेथें आतां प्रोग्रामाचें नांव, कर्त्यांचें नांव आणि प्रसिद्धीची तारीख एवढेंच आहे, आणि तेवढें पुरे दिसतें. तिच्या त्या तीन ओळींस आम्हीं हात लावलेला नाहीं. सोळाचे दोनशें करण्याचा मोह झाला होता, नाहीं असें नाहीं. पण मूल्यें तिनें ठरविलेलीं आहेत, बदलावयाचीं तर तिनेंच बदलावीं. त्या ओळींच्या वर तेवढी एक टीप घातली आहे. ती मराठींत आहे : 'आतां आवाज मोठा केला तरी चालेल. — बाबा.' यंत्र ती ओळ सोडून पुढें जाईल.

दिवाळीस अजून तीन आठवडे आहेत. हा खेळ एकट्यानेंच खेळावयाचा असतो, असें ती म्हणाली होती. तरीही परवां बाजारांत गेलों तेव्हां सेल आणिले, आणि ते दोन्ही रिमोटांत घालून ठेविले आहेत.